मनोविकारांच्या निदानाची पुस्तके: वाचनाची सुरुवात कुठून करावी?

प्रश्न · शालेय समुपदेशक, फोंडा

नमस्कार. मी फोंडा तालुक्यातील एका हायस्कुलात दोन वर्षांपासून समुपदेशक म्हणून काम करते. मानसशास्त्रात एम. ए. करताना मनोविकृतीशास्त्राचा एक पेपर होता. त्यात विकारांची नावे, लक्षणे आणि कारणमीमांसा शिकवली गेली. पण समोर बसलेल्या माणसाला नेमके काय विचारायचे आणि तो जे सांगतो त्यातून निदानाकडे कसे जायचे, हे मात्र शिकायचे राहून गेले. निदान करण्याचा अधिकार मला नाही आणि मला तो नकोही आहे. तरीही कोणाला तज्ज्ञांकडे पाठवायचे, किती तातडीने पाठवायचे आणि सोबतच्या चिठ्ठीत काय लिहायचे, हे मला रोज ठरवावे लागते, आणि ते अंदाजाने ठरवत असल्याची बोचणी मनाला लागून राहते.

म्हणून गेल्या दिवाळीत मी डीएसएम-५ ची, म्हणजे मनोविकारांच्या निदानाचे निकष देणाऱ्या अमेरिकन पुस्तकाच्या पाचव्या आवृत्तीची, छोटी आवृत्ती विकत घेतली. नववीतला एक मुलगा आहे (ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत). वर्गात त्याचे लक्ष नसते, वह्या अपुऱ्या असतात, चिडचिड वाढली आहे, रात्री उशिरापर्यंत जागा असतो आणि आठवड्यातून एकदा तरी पोट दुखते म्हणून घरी जातो. पुस्तक उघडले तर तो एडीएचडीतही (लक्ष न लागणे आणि अतिचंचलता यांचा विकार) बसतो, चिंताविकारातही बसतो आणि नैराश्यातही. पुस्तक वाचून माझा गोंधळ कमी होण्याऐवजी वाढला.

डीएसएम वाचावे की जागतिक आरोग्य संघटनेचे आयसीडी, म्हणजे आजारांच्या वर्गीकरणाचे पुस्तक? त्याआधी दुसरे काही वाचायला हवे का? नैराश्य चाचपणाऱ्या पीएचक्यू-९ सारख्या प्रश्नावल्या मी शाळेत वापराव्यात का? आणखी एक अडचण आहे. आमच्याकडे सत्तरी तालुक्यातून येणारी एक मुलगी सांगते की शिगम्याच्या वेळी देवळात तिच्या आजीच्या अंगात भार येतो, आणि आता आपल्यालाही तसेच होईल अशी भीती तिला वाटते. अशा गोष्टींबद्दल ही पुस्तके काही सांगतात का? मराठीत काही असेल तर तेही कळवावे.

उत्तर · निवृत्त मनोविकारतज्ज्ञ, मडगाव

ताई, तुमचा गोंधळ योग्य ठिकाणी झाला आहे. डीएसएम हे शिकण्याचे पुस्तक नाही. ज्याला लक्षण ओळखता येते, त्याने ओळखलेल्या लक्षणांची जुळणी कशी करावी, याचे ते नियमपुस्तक आहे. लक्षण ओळखणे ही त्याच्या आधीची पायरी आहे आणि तिच्यासाठी वेगळी पुस्तके आहेत. त्या शास्त्राला सायकोपॅथॉलॉजी म्हणतात आणि त्याचा पाया कार्ल यास्पर्स यांनी १९१३ साली घातला. यास्पर्स यांचा मूळ ग्रंथ जड आहे. तो आत्ता वाचण्याची गरज नाही. फ्रँक फिश यांचे ‘क्लिनिकल सायकोपॅथॉलॉजी’ हे आकाराने लहान पुस्तक आधी घ्या, आणि ते पचले की अँड्र्यू सिम्स यांचे ‘सिम्प्टम्स इन द माइंड’. भास म्हणजे काय, संशय आणि भ्रम यांत फरक कोणता, मनात पुन्हा पुन्हा येणारा विचार मंत्रचळाचा केव्हा म्हणायचा आणि नुसत्या काळजीचा केव्हा, हे या पुस्तकांतून कळते. ‘कोणीतरी माझे नाव घेऊन हाक मारते’ असे मूल म्हणाले, तर ती हाक झोप लागता लागता ऐकू येते की भर दुपारी, बाहेरून येते की मनातल्या मनात, हे विचारण्याचे भान त्यांतून येते. झोपेच्या उंबरठ्यावर असे आवाज निरोगी माणसालाही ऐकू येतात.

दुसरे वाचन मुलाखतीचे. जेम्स मॉरिसन यांचे ‘द फर्स्ट इंटरव्ह्यू’ याच कामासाठी लिहिलेले आहे. मानसिक स्थितीची तपासणी कशी करायची, म्हणजे पेहराव, वागणे, बोलणे, मनःस्थिती, विचार, संवेदना, स्मरण, स्वतःच्या आजाराची जाण अशा क्रमाने निरीक्षण कसे नोंदवायचे, हे त्यातून शिकता येते. तुमच्या चिठ्ठीत विकाराचे नाव नसले तरी चालेल. पण ‘तीन आठवड्यांपासून बोलणे कमी, उत्तर द्यायला वेळ लागतो, डोळ्यांत पाहत नाही, विचारल्यावर रडला’ एवढे लिहिलेले असेल, तर समोरच्या डॉक्टरचे निम्मे काम होते. मी चाळीस वर्षे अशा चिठ्ठ्या वाचल्या. ‘डिप्रेशन असावे’ एवढ्या दोन शब्दांच्या चिठ्ठीचा मला कधीच उपयोग झाला नाही.

आता डीएसएम की आयसीडी. डीएसएम अमेरिकन सायकियाट्रिक असोसिएशन काढते. पहिली आवृत्ती १९५२ ची, पाचवी २०१३ ची आणि तिची सुधारित आवृत्ती २०२२ ची. आयसीडी-११ ला जागतिक आरोग्य परिषदेने २०१९ मध्ये मान्यता दिली आणि १ जानेवारी २०२२ पासून ती लागू झाली. तिचे सहावे प्रकरण मनोविकारांचे आहे. आपल्या देशात या दुसऱ्या पुस्तकाला कायद्याचे पाठबळ आहे. मानसिक आरोग्य सेवा कायदा, २०१७ च्या कलम ३ मध्ये मानसिक आजार ठरवण्याच्या मान्य निकषांत आयसीडीच्या अद्ययावत आवृत्तीचा नावाने उल्लेख आहे. त्याच कलमात असेही म्हटले आहे की एखाद्याची राजकीय, आर्थिक वा सामाजिक स्थिती, किंवा समाजाच्या नैतिक, धार्मिक मूल्यांशी त्याचे न जुळणे, हा मानसिक आजार ठरवण्याचा आधार होऊ शकत नाही. शाळेत काम करणाऱ्याने हे कलम जवळ ठेवावे, कारण ‘मुलगी ऐकत नाही, हिला तपासून घ्या’ असे सांगणारे पालक तुमच्याकडे येतच असतील.

आयसीडी-११ मधील मनोविकारांची वर्णने आणि निदानाच्या आवश्यक बाबी सांगणारा मोठा ग्रंथ जागतिक आरोग्य संघटनेने २०२४ मध्ये प्रसिद्ध केला आणि तो तिच्या संकेतस्थळावर विनामूल्य मिळतो. प्रत्येक विकाराखाली ‘निरोगी अवस्थेशी सीमारेषा’ असा एक भाग आहे. तुमच्यासाठी तोच सर्वांत मोलाचा आहे, कारण शाळेत येणाऱ्या बहुतेक मुलांचा प्रश्न त्या सीमारेषेवरच असतो. मुलांमध्ये आणि किशोरवयात तो विकार कसा दिसतो, आणि संस्कृतीप्रमाणे त्यात काय फरक पडतो, हेही तिथे वेगळे दिले आहे.

या ग्रंथांत इतके काटेकोर निकष का आले, याचा इतिहासही थोडा जाणून घ्यावा. १९६० च्या दशकाच्या उत्तरार्धात न्यूयॉर्क आणि लंडन येथील मनोविकारतज्ज्ञांच्या निदानांची तुलना करण्यात आली. रुग्णांच्या त्याच चित्रफिती दोन्हीकडच्या डॉक्टरांना दाखवल्या, तेव्हा अमेरिकन डॉक्टर स्किझोफ्रेनियाचे निदान कितीतरी अधिक वेळा करत असल्याचे दिसून आले. रुग्ण तोच, आजार तोच. बदलत होते ते डॉक्टरचे शिक्षण. १९८० सालच्या डीएसएम-३ मध्ये प्रत्येक विकाराला मोजके, स्पष्ट निकष आले, त्यामागे ही अस्वस्थता होती. निकषांनी एक तज्ज्ञ आणि दुसरा तज्ज्ञ यांच्यातील मतभेद कमी केले, पण निकष जुळले म्हणजे निदान बरोबर आले असे नाही. हा भेद मला नोकरीच्या पहिल्या दहा वर्षांत नीट उमगला नव्हता, हे इथे सांगावेसे वाटते.

तुमच्या नववीतल्या मुलाबद्दल मी इथून काही सांगणे अयोग्य होईल. पुस्तक कसे वाचायचे एवढेच त्या निमित्ताने सांगतो. तुम्ही लक्षणांची यादी वाचली आणि तिच्या खालच्या अटी सोडून दिल्या, असे मला वाटते. एडीएचडीसाठी लक्षणांपैकी काही तरी बाराव्या वर्षाच्या आधीपासून असायला हवीत आणि ती घरी, शाळेत अशा दोन किंवा अधिक ठिकाणी दिसायला हवीत. तेव्हा पहिला प्रश्न ‘लक्ष लागते का’ हा नसून ‘हे केव्हापासून’ हा आहे. चौथी-पाचवीपर्यंत ज्याच्या वह्या पूर्ण होत्या आणि ज्याचे लक्ष आठवीच्या मध्यावर उडाले, त्याच्या बाबतीत आधी दुसरीकडे पाहावे लागते. नैराश्यासाठी लक्षणे किमान दोन आठवडे, दिवसाचा बराचसा वेळ, जवळजवळ रोज असावी लागतात. आणि मुलांमध्ये उदासीऐवजी चिडचिडच पुढे येऊ शकते, हे त्या पानावर लिहिलेले आहे, पण घाईत वाचणाऱ्याच्या नजरेतून ते निसटते.

एकाच माणसात तीन विकार दिसू लागले की मायकेल फर्स्ट यांचे विभेदक निदानावरचे, म्हणजे सारख्या दिसणाऱ्या विकारांतून नेमका कोणता ते ठरवण्यावरचे, पुस्तक उघडावे. त्यांचा क्रम सांगतो. लक्षणे खरी आहेत ना. ती दारू, अमली पदार्थ किंवा एखाद्या औषधामुळे तर नाहीत ना. शारीरिक आजारामुळे तर नाहीत ना. मग प्रमुख विकार कोणता. कोणत्याच विकाराचे निकष पूर्ण होत नसतील तर एखाद्या प्रसंगाशी जुळवून घेताना आलेला त्रास आहे का. आणि शेवटी, हा विकार आहे की नाही. आपण सगळे चौथ्या पायरीवरून सुरुवात करतो. थायरॉईड, पंडुरोग, अपुरी झोप, अंधुक दिसणे, कमी ऐकू येणे, या गोष्टी तपासल्याशिवाय मुलाच्या मनाकडे वळूच नये.

भार येण्याचा प्रश्न राहिला, त्यावर सवडीने लिहितो.

उत्तर · नैदानिक मानसशास्त्रज्ञ, म्हापसा

डॉक्टरांनी पुस्तकांचा जो क्रम सांगितला तो मला मान्य आहे. मी प्रश्नावल्या आणि चाचण्या यांच्यापुरते लिहिते, कारण तिथे चुका फार होतात आणि त्या आकड्यांच्या रूपात असल्यामुळे चुका वाटत नाहीत.

पीएचक्यू-९ मध्ये नऊ प्रश्न आहेत, प्रत्येकाला शून्य ते तीन गुण, एकूण २७. दहा किंवा अधिक गुण आले की पुढे तपासावे, असा संकेत आहे. २००१ च्या मूळ अभ्यासात या दहाच्या रेषेवर नैराश्य असलेल्या १०० पैकी ८८ जण सापडले आणि नसलेल्या १०० पैकी ८८ जण योग्य रीतीने वगळले गेले. हे आकडे उत्तम वाटतात. पण समजा, एखाद्या गावात १००० माणसांना ही प्रश्नावली दिली आणि त्यांत खरोखर नैराश्य असलेले ५० जण आहेत. त्यांतले ४४ सापडतील. आणि उरलेल्या ९५० पैकी १२ टक्के, म्हणजे ११४ जण, आजार नसतानाही रेषेच्या वर जातील. एकूण १५८ जणांत खरे रुग्ण ४४. म्हणजे ज्यांना ‘दहाच्या वर’ म्हटले, त्यांतल्या चारांपैकी जेमतेम एकाला तो आजार आहे. प्रश्नावलीचा दोष नाही. चाळणीने चाळायचे असते, निवडायचे काम त्यानंतर हातांनी करायचे असते. प्रश्नावलीच्या गुणांवरून शाळेच्या नोंदवहीत ‘नैराश्य’ असा शब्द कृपया कधीही लिहू नका. तो शब्द दहावीपर्यंत त्या मुलाच्या मागे लागतो. आणि नववा प्रश्न जीव नकोसा होण्याबद्दल आहे. त्याचे उत्तर शून्याहून अधिक आले, तर एकूण गुण कितीही कमी असोत, त्याच दिवशी, त्याच खोलीत मुलाशी बोला आणि पालकांना बोलावून घ्या. टेलि-मानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनीचा १४४१६ हा क्रमांक त्यांच्या हाती द्या.

भाषेची बाब तर पुस्तकांत फार थोडी येते. आपल्याकडे मूल शाळेत मराठी वा इंग्रजी वाचते आणि रडताना कोकणीत बोलते. ‘म्हाका कितेंच नाका दिसता’ (मला काहीच नकोसे वाटते) हे वाक्य माझ्यासमोर अनेकांनी उच्चारले आहे. त्यात गोडी नाहीशी होणेही आहे आणि थकवाही आहे, आणि छापील मराठी प्रश्नावलीत त्याला एक रकाना नाही. मोठ्या बायका उदास वाटते असे म्हणतच नाहीत. हातपाय गळतात, डोके जड होते, अंगावरून पांढरे जाते, असे सांगतात. अंगावरून पांढरे जाण्याची तक्रार आणि मानसिक त्रास यांचा संबंध आपल्या गोव्यातच झालेल्या अभ्यासांत दाखवला गेला आहे. म्हणून विक्रम पटेल यांचे ‘व्हेअर देअर इज नो सायकियाट्रिस्ट’ हे पुस्तक मी तुमच्या यादीत सर्वांत आधी ठेवीन. ते २००३ मध्ये निघाले आणि २०१८ मध्ये शार्लट हॅनलन यांच्यासह त्याची दुसरी आवृत्ती आली. ते विकाराच्या नावापासून सुरू होत नाही. झोप न लागणारा माणूस, कारण सापडत नसलेली दुखणी, खूप पिणारा माणूस, अशा दारात उभ्या राहणाऱ्या तक्रारींपासून सुरू होते. पटेल हे १९९६ मध्ये गोव्यात सुरू झालेल्या संगाथ या संस्थेच्या संस्थापकांपैकी आहेत. येथील प्राथमिक आरोग्य केंद्रांत प्रशिक्षित पण तज्ज्ञ नसलेल्या समुपदेशकांनी नैराश्याच्या रुग्णांना सहा ते आठ भेटींत दिलेली मदत उपयोगी ठरते, हे त्या संस्थेच्या २०१७ मध्ये लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात आलेल्या अभ्यासाने दाखवले. तुमच्यासारख्यांच्या हातून काय होऊ शकते, याचा तो आपल्याच मातीतला पुरावा आहे.

बुद्धिमापनाच्या चाचण्या मात्र तुम्ही वापरू नयेत. त्यांसाठी प्रशिक्षण लागते, आणि नैदानिक मानसशास्त्रज्ञ म्हणून काम करायचे तर भारतीय पुनर्वास परिषदेची नोंदणी लागते. तरी त्यांच्याबद्दल वाचून ठेवा, कारण अहवाल तुमच्या टेबलावर येतील. बिने-कामत चाचणी डॉ. व्ही. व्ही. कामत यांनी मराठी आणि कन्नड मुलांसाठी बेतली, याचा मला अभिमान वाटतो. पण तिची प्रमाणके, म्हणजे ज्यांच्याशी मुलाच्या गुणांची तुलना करतात ते आकडे, जुनी आहेत, आणि जुन्या प्रमाणकांवर आजच्या मुलाचा बुद्ध्यंक असतो त्याहून जास्त दिसण्याची शक्यता असते. त्यामुळे कोणती चाचणी, कोणत्या वर्षीची प्रमाणके आणि कोणत्या भाषेत घेतली, या तीन गोष्टी अहवालात नसतील, तर तो अहवाल देणाऱ्याला निःसंकोच विचारा. मानसशास्त्रीय चाचण्यांवर अ‍ॅनास्तासी आणि उर्बिना यांचे पुस्तक अजून समाधानकारक आहे. त्यातली विश्वसनीयता (पुन्हा घेतली तरी तेच उत्तर येते का) आणि वैधता (जे मोजायचे तेच मोजते का) यांवरची प्रकरणे वाचली तरी पुरे.

मराठीत मनोविकारांची ओळख करून देणारे लेखन आहे आणि पालकांच्या हाती ते जरूर द्यावे. निदान शिकण्यासाठी मात्र आज तरी इंग्रजीचाच आधार घ्यावा लागतो, आणि हे लिहिताना मला वाईट वाटते.

उत्तर · रुग्णाचा भाऊ, डिचोली

मी या विषयातला जाणकार नाही. माझ्या थोरल्या भावाच्या आजाराची सहा वर्षे चुकीच्या नावाखाली गेली, म्हणून लिहितो. तो मलूल होऊन खोलीत पडून राही, तेव्हा आम्ही त्याला डॉक्टरांकडे नेत असू. डॉक्टर त्याला विचारत, तो हळू आवाजात उत्तरे देई, नैराश्याच्या गोळ्या मिळत. त्याच्या आधीच्या चवथीला (गणेश चतुर्थीला) त्याने कर्ज काढून माटोळीला (गणपतीवर बांधतात त्या फळाफुलांच्या छताला) आणि फटाक्यांना अवाच्या सवा पैसे घातले होते, आठवडाभर तो रात्री झोपला नव्हता आणि तरी थकला नव्हता, वाड्यावरच्या प्रत्येकाला नवा धंदा काढून देण्याचे वचन देत फिरत होता. आम्हाला वाटले, उत्साह आहे, चवथ आहे. ते डॉक्टरांना कोणी सांगितले नाही आणि त्यांनीही घरच्यांना आत बोलावून कधी विचारले नाही.

सहा वर्षांनी दुसऱ्या एका डॉक्टर बाईंनी आईला समोर बसवून विचारले, “तो कधी गरजेपेक्षा जास्त आनंदी होता का? झोप कमी होऊनही ताजातवाना होता, असे दिवस होते का?” आई बोलू लागली आणि निदान बदलले. द्विध्रुवीय विकारात, म्हणजे नैराश्य आणि उन्माद ही दोन्ही टोके येणाऱ्या आजारात, नुसत्या नैराश्याच्या गोळ्या दिल्या, तर माणूस दुसऱ्या टोकाला जाऊ शकतो, हेही त्यांनी समजावून सांगितले. त्यानंतर मी स्वतः पुस्तकात पाहिले. उन्मादाच्या निकषात किमान एक आठवडा असे स्वच्छ लिहिलेले आहे. आमच्या घरात तो आठवडा होता. ताई, तुम्ही कोणतेही पुस्तक घ्या, पण मुलाच्या घरच्यांना विचारल्याशिवाय ते मिटू नका, एवढी विनंती आहे.

प्रश्नकर्ती · फोंडा

सर्वांचे मनापासून आभार. डिचोलीच्या दादांचे लिहिणे वाचून मी त्याच संध्याकाळी मुलाच्या आईला शाळेत बोलावले. सातवीपर्यंतच्या वह्या त्या घेऊनच आल्या होत्या आणि त्या सगळ्या पूर्ण होत्या. बदल गेल्या पावसाळ्यात सुरू झाला. तेव्हा घरात काय घडले, ते त्यांनी सांगितले, इथे लिहीत नाही. पोटदुखीसाठी तालुक्याच्या इस्पितळात तपासणी करून घेण्याचे आणि त्याच आठवड्यात बांबोळीच्या मनोविकार संस्थेत बाह्यरुग्ण विभागात जाण्याचे ठरले. चिठ्ठीत मी एकाही विकाराचे नाव लिहिले नाही. काय दिसले, केव्हापासून, घरी कसे, शाळेत कसे, एवढेच लिहिले. ते पान भरून झाले.

पाट्टोच्या मध्यवर्ती ग्रंथालयात फिश यांचे पुस्तक आहे का, ते या शनिवारी जाऊन पाहीन. सत्तरीतल्या मुलीबद्दल डॉक्टरांच्या उत्तराची वाट पाहते.

उत्तर · निवृत्त मनोविकारतज्ज्ञ, मडगाव

आयसीडी-११ मध्ये अंगात येण्यासंबंधीचा विकार वेगळा नोंदवलेला आहे, पण त्याच्या वर्णनातच अट घातली आहे: ती अवस्था माणसाच्या इच्छेविरुद्ध, नकोशी असताना आलेली असावी, आणि त्या समाजाच्या सामूहिक धार्मिक वा सांस्कृतिक प्रथेचा स्वीकृत भाग नसावी. शिवाय तिच्यामुळे लक्षणीय त्रास किंवा कामकाजात अडथळा व्हायला हवा. शिगम्यात, देवळाच्या आवारात, गावासमोर, ठरल्या वेळी येणारा आणि ठरल्या वेळी उतरणारा आजीचा भार या वर्णनात बसत नाही. आजीला रुग्ण ठरवू नका आणि मुलीसमोर तसे सुचवूही नका.

विचार करायचा तो मुलीच्या भीतीचा. डीएसएम-५ मध्ये सांस्कृतिक मांडणीची, म्हणजे रुग्णाचा त्रास त्याच्या संस्कृतीच्या संदर्भात समजून घेण्याची, १६ प्रश्नांची मुलाखत दिलेली आहे. तिच्या सुरुवातीलाच रुग्णाने आपला त्रास आपल्या शब्दांत सांगावा आणि तो कशामुळे झाला असे त्याला वाटते ते सांगावे, असे प्रश्न आहेत. ते कोकणीत विचारा. भार आपल्याकडे येईल असे तिला केव्हापासून वाटू लागले, घरात तसे कोणी म्हटले का, भीती देवळात वाटते की रात्री एकटी असताना, झोप आणि जेवण कसे आहे, शाळेच्या वाटेवर मध्येच थांबावेसे वाटते का, हे तिच्याकडून ऐका. अवेळी, तिची इच्छा नसताना, शाळेत किंवा घरी भान हरपत असेल, हातपाय ताठ होत असतील, जीभ चावली जात असेल, कपड्यांत लघवी होत असेल, तर तो मनाचा प्रश्न समजण्याआधी फेफऱ्याची तपासणी व्हायला हवी. आजीलाही एकदा भेटा. पहिला भार आला तेव्हा आपल्याला कसे वाटले होते, हे त्या बहुधा तुम्हाला सांगतील, आणि त्यांनी नातीला सांगितले तर अधिक बरे.